आमच्या जिन्याचा कठडा

आपल्या मंडळाची वर्धापनदिनाची स्मरणिका निघणार आणि तिच्यात आपल्या येरवड्याचा इतिहास लिहायचा असे सभेत ठरले, तेव्हा मोठमोठे विषय भगिनींनी भराभर वाटून घेतले. एकीने १९३२ सालचा येरवडा तुरुंगातील महात्माजींचा उपवास आणि २४ सप्टेंबरचा पुणे करार घेतला. दुसरीने आगाखान पॅलेस आणि कस्तुरबा घेतल्या. तिसरीने लेडी प्रेमलीला ठाकरसी यांची पर्णकुटी घेतली. मी सभेला उशिरा पोचले, माझ्यासाठी काही उरले नव्हते. चिटणीसबाई हसून म्हणाल्या, "अहो, तुमच्या घरच्या कठड्याचंच लिहा की! वर्षभर त्याचंच तर सांगत असता." त्या थट्टेने म्हणाल्या असतील, पण मी ते मनावर घेतले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे. इतिहासाची पुस्तके मी फारशी वाचलेली नाहीत. परंतु या एका कठड्याने मला जेवढा इतिहास शिकवला, तेवढा शाळेतही शिकले नव्हते.

आमचे घर जुन्या गावठाणातले, खाली दोन खोल्या आणि वर दोन. मधून तेरा पायऱ्यांचा लाकडी जिना जातो. त्याच्या एका अंगाला भिंत आणि दुसऱ्या अंगाला हा कठडा आहे. उभे गज कातीव आहेत, म्हणजे कातारी चरकावर लाकूड फिरवून मणी आणि गळे काढतो तसे; वर हात ठेवायला गोल पाठीची जाड पट्टी. मी २००१ साली या घरात सून म्हणून आले तेव्हा माझ्या सासूबाईंनी पहिल्याच दिवशी मला बजावले होते, "सूनबाई, हा कठडा साधासुधा नाही हो. पेशव्यांच्या सरदाराच्या वाड्यातला आहे." घरात येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला हे सांगितले जाई. मीही पुढे तेच सांगू लागले. हळदीकुंकवाला आलेल्या बायका त्यावरून हात फिरवून पाहत.

तरी खरे सांगायचे तर मला तो कठडा आवडत नसे. त्यावर हिरवा ऑइलपेंट होता, तो जागोजाग उडालेला. पट्टीला कुसळे निघत, पदर अडके. २००७ साली नणंदेचे लग्न घरातून करायचे ठरले तेव्हा मी हट्टाने त्या पट्टीला तपकिरी रेक्झीनचे आवरण चढवून घेतले. खालून बारीक चुका ठोकल्या, वर चकचकीत. सर्वांनी वाखाणणी केली. सासूबाई तेवढ्या म्हणाल्या, "हाताला गार लागतं गं." मी तिकडे लक्ष दिले नाही.

त्या आवरणाला सतरा वर्षे झाली. खालच्या चुका गंजल्या, रेक्झीन सैल होऊन पट्टीवर फिरू लागले. मला ते दिसत होते. पुसताना हाताखाली सरकत होते. पण दिवाळीनंतर बघू, संक्रांतीनंतर बघू, असे चालले होते. सासूबाईंना काचबिंदू आहे, उजव्या डोळ्याने जवळजवळ दिसत नाही. त्या जिना चढतात-उतरतात त्या हाताच्या भरवशावर. २०२४ च्या दिवाळीआधी एका पहाटे त्या उतरत असताना आवरण हाताबरोबर फिरले, पकड सुटली आणि त्या शेवटच्या तीन पायऱ्या घसरल्या. मनगटाचे हाड मोडले. सहा आठवडे हात प्लास्टरमध्ये होता. सत्याहत्तराव्या वर्षी कमरेचे हाड मोडले असते तर काय झाले असते, हा विचार मी आजही करू धजत नाही.

घरात मला कोणी एका शब्दाने बोलले नाही. त्याचेच जास्त लागले. आमचे चिरंजीव तावातावाने म्हणाले, "काढून टाका तो जुना खोडा, स्टीलचा रेलिंग बसवू." यांचेही तेच मत पडले. सासूबाई काही बोलल्या नाहीत. प्लास्टरचा हात मांडीवर घेऊन त्या भिंतीकडे पाहत बसल्या. मी म्हटले, काढायचा तर काढू, पण आधी मी घातलेले आवरण माझ्या हाताने काढते.

रेक्झीन काढले तेव्हा खाली हिरवा रंग, त्याच्या पोटात निळा, त्याच्या पोटात चॉकलेटी, आणि एका ठिकाणी टवका निघाला तिथे मधासारखे सागवान दिसले. आमच्या आळीत एक वयस्क सुतारकाका आहेत, त्यांना दाखवायला बोलावले. त्यांनी चष्मा लावला, गज वाकून पाहिले, खालचा एक खिळा उपटून माझ्या हातावर ठेवला आणि म्हणाले, "वहिनी, हा पेशवाईतला नाही बरं का."

मला प्रथम रागच आला. पण त्यांनी कारणे सांगितली, ती अशी. जुन्या काळी खिळे लोहार ऐरणीवर घडवीत. त्यांचे अंग चौकोनी, डोके ओबडधोबड. हे खिळे गोल अंगाचे, एकसारखे. तारेपासून यंत्रावर केलेले असे खिळे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस सर्रास झाले. पेशवाई तर १८१८ सालीच बुडाली. दुसरे असे की पेशवाईतले सुतार लाकडाला लाकूड जोडीत ते कुसू आणि खाच करून. आमच्या पट्टीचे दोन तुकडे मात्र स्क्रूने जोडलेले. आणि तिसरे कारण तर डोळ्यांपुढेच असून मला कधी सुचले नव्हते.

भगिनींनो, आपल्यापैकी पुष्कळजणी विश्रामबागवाड्यात गेल्या असतील. दुसऱ्या बाजीरावाने बांधलेला तो वाडा १८०७ च्या सुमाराचा. त्याच्या दर्शनी सज्ज्यावरचे सुरूचे लाकडी खांब आणि कोरीव काम पाहत राहावे असे आहे. शनिवारवाड्याचा पाया १० जानेवारी १७३० चा. १८२८ सालच्या आगीत आतले लाकडी महाल जळाले आणि आज जोती उरली आहेत. त्या काळच्या वाड्यांत नक्षीचा कठडा असे तो सज्ज्याला, चौकाकडच्या सोप्याला. जिन्याला नसे. जिना असे तो भिंतीच्या जाडीत, अरुंद, अंधारा आणि उभा. एका वेळी एकच माणूस जाईल एवढा. त्यामागे जागेची काटकसर होती आणि वाड्याच्या संरक्षणाचाही विचार होता. दोन्ही अंगांना भिंत म्हटल्यावर कठडा लावायचा कुठे? धरायला वरून एक दोर सोडलेला असे. म्हणजे जो कठडा आम्ही पेशव्यांच्या जिन्याचा म्हणून मिरवीत होतो, तसा कठडा त्या जिन्याला असण्याचे कारणच नव्हते.

मोकळा, एका अंगाने उघडा आणि कठडा असलेला जिना आपल्याकडे रुळला तो इंग्रजी अमदानीत. कँपातले बंगले, सरकारी कचेऱ्या, कॉलेजे यांतून तो लोकांनी पाहिला. आगगाडी १८५८ साली खंडाळ्याहून पुण्यापर्यंत आली आणि १८६३ साली बोरघाट पुरा होऊन मुंबई-पुणे सलग जोडले गेले. मग ब्रह्मदेशचे सागवान, विलायती खिळे-स्क्रू आणि बिडाचे गज मुंबई बंदरातून इकडे येणे सोपे झाले. आपल्या येरवड्याच्याच बाजूला पाहा. १८६७ साली नदीवर बंडगार्डनचा दगडी पूल झाला. अलीकडे डेक्कन कॉलेजची इमारत उभी राहिली, तिचा पाया १८६४ सालचा. लोकमान्य टिळक तिथेच शिकले. १८७१ साली तुरुंग झाला. १८९२ साली आगाखानांनी, दुष्काळाने गांजलेल्या आसपासच्या लोकांना काम मिळावे म्हणून, आपला महाल बांधून घेतला. त्याच पन्नास वर्षांत पेठांतल्या सुखवस्तू लोकांनीही नवे वाडे बांधले आणि त्यांत असे कातीव गजांचे जिने घातले. सुतारकाकांच्या मते आमचा कठडा त्या वेळचा. म्हणजे सव्वाशे वर्षांचा धरायला हरकत नाही, पण पेशव्यांचा मात्र नव्हे.

आता हे सासूबाईंना सांगायचे कसे? त्यांचा हात माझ्या हलगर्जीपणाने मोडलेला, वर त्यांचा अभिमानही मीच मोडायचा! चार दिवस मी गप्प राहिले. पण त्यांनी सुतारकाकांचा आवाज माजघरातून ऐकला होता. एका दुपारी त्याच म्हणाल्या, "माळ्यावर मामंजींची वही आहे, ती काढ." मामंजी म्हणजे माझे आजेसासरे. त्यांची लाल बासनातली हिशेबाची वही मी काढली आणि वाचून दाखवू लागले. जानेवारी १९६२ च्या पानावर मोडीमिश्रित अक्षरात एक ओळ निघाली. भवानी पेठेतल्या लाकूडबाजारातून आणलेल्या मालात तुळया, फळ्या आणि पुढे "कातीव कठडा, पुराच्या लाकडातला" असे लिहिलेले. पेशव्यांचे नाव नाही, सरदाराचेही नाही. ते बहुधा विकणाऱ्याने सांगितले असेल, किंवा घरात कोणी मागाहून जोडले असेल.

मी चाचरत म्हटले, "अहो आई, वहीत पेशव्यांचं काही नाही हो."

त्या हसल्या. "नसू दे. पुराच्या लाकडातला आहे हे खरं निघालं ना? मला तेवढं पुरे आहे."

आणि मग त्यांनी जे सांगितले ते तेवीस वर्षांत मी कधी ऐकले नव्हते. त्यांचे माहेर शनिवार पेठेत, नदीच्या अंगाला. १२ जुलै १९६१ रोजी सकाळी पानशेतचे धरण फुटले. त्याच्या लोंढ्याने खालचे खडकवासल्याचे धरणही फुटले आणि मुठेचे पाणी पेठांत शिरले. सासूबाई तेव्हा चौदा वर्षांच्या. धाकट्या भावंडांची बखोटी धरून आईबरोबर त्या पर्वतीच्या बाजूला गेल्या म्हणून वाचल्या. दोन दिवसांनी परत येऊन पाहतात तो वाडा जागेवर नव्हता. पुण्यातल्या जुन्या वाड्यांच्या भिंती पांढऱ्या मातीच्या. पाणी पिऊन त्या लगद्यासारख्या बसल्या आणि वरचे लाकूड तेवढे चिखलात आडवे पडून राहिले. लोकांजवळ ना छप्पर ना पैसा. मग ज्याला जे लाकूड मिळाले ते त्याने विकले. कित्येक घरांच्या तुळया आणि दारे अशी बाजारात आली आणि दुसऱ्यांच्या घरांत बसली.

"लग्न होऊन ६६ साली इथे आले," सासूबाई म्हणाल्या, "तेव्हा मामंजींनी सांगितलं, हा पुराच्या लाकडातला. मी रात्री सगळे निजल्यावर त्याला हात लावून बसले होते. आमच्या वाड्याचं काहीच उरलं नव्हतं. एक वाटीसुद्धा नाही. म्हटलं, हा आमच्या वाड्याचा नसेल, पण आमच्याच बरोबर बुडालेला आहे. पेशव्यांचं काय, ते मी पाहुण्यांना सांगत होते. पुराचं सांगायला गेलं की रडू यायचं."

मला त्यावर काही बोलता आले नाही. ज्या लाकडाला मी रेक्झीन गुंडाळून झाकले होते, त्याला हात लावायला मिळावा म्हणून ही बाई "गार लागतं गं" म्हणत होती.

त्या संध्याकाळी यांना आणि चिरंजीवांना बसवून सर्व सांगितले. कठडा निघणार नाही असे ठरले. पण चिरंजीवांचा एक मुद्दा मी मान्य केला. जुने कठडे बुटके असतात. आमचा जेमतेम कमरेला लागतो, आणि हल्ली बांधकामात निदान मीटरभर उंची धरतात. शिवाय दृष्टी अधू असलेल्या माणसाला दोन्ही हातांना आधार हवा. म्हणून भिंतीच्या अंगाला स्टीलचा गोल पाइप बसवला, आणि उघड्या अंगाला जुनाच कठडा ठेवला. नव्याला त्याची जागा दिली, जुन्याला त्याची.

आता तो नीट कसा केला ते सांगते, कारण पुष्कळजणींच्या घरी असे लाकूड असेल. पहिली गोष्ट, जुना रंग कोरडा खरवडू नये आणि बत्तीने जाळूही नये. पूर्वीच्या ऑइलपेंटात शिसे असे. घरगुती रंगांत शिसे फार तर दहा लाख भागांत ९० भाग असावे असा नियम आपल्याकडे नोव्हेंबर २०१७ पासून लागू झाला. त्याआधीच्या रंगाची धूळ आणि धूर लहान मुलांना फार वाईट. त्यांच्या मेंदूवर परिणाम होतो. आम्ही नातवंडांना आत्याकडे पाठवले, नाकाला फडके बांधले, लाकूड पाण्याने ओले ठेवून काचकागद घासला आणि निघालेला गाळ कागदात गुंडाळून टाकला. कोणी कॉस्टिक सोडा लावायला सांगतात. त्याने रंग निघतो खरा, पण सागवान काळे पडते.

भेगा बुजवायला लांबी घरीच मळली. खडूची बारीक पूड आणि जवसाचे तेल, पुरणासारखी मऊ होईपर्यंत. ती भरून वाळू दिली. मग उभ्या गजांना चपड्याचे पॉलिश दिले. चपडा म्हणजे लाख. पळस, बोर, कुसुंब यांच्या फांद्यांवर बारीक किडे ती तयार करतात. ती वितळवून पातळ पापड्या करतात आणि स्पिरिटमध्ये विरघळवून लाकडावर फडक्याने घासतात. आपल्या लाखेच्या बांगड्या, सावंतवाडीची चितारी लोकांची रंगीत खेळणी, आणि आजोबांच्या वेळच्या ग्रामोफोनच्या तबकड्या, या सगळ्यांत ही लाखच. पण चपड्याला पाणी सोसत नाही, ओला हात लागला की पांढरे डाग पडतात. म्हणून हात ठेवायच्या पट्टीला चपडा न लावता जवसाचे उकळलेले तेल चोळले, ज्याला रंगारी बेलतेल म्हणतात. तीन वेळा, दर वेळी मध्ये दोन दिवस वाळू देऊन.

येथे एक धोक्याची सूचना. बेलतेलाचे बोळे चुरगळून टोपलीत टाकू नका. तेल वाळताना गरम होते आणि बोळा आपोआप पेटू शकतो. फडकी उघड्यावर पसरून वाळवावीत, नाहीतर पाण्यात भिजवून मग टाकावीत. सुतारकाकांनी हे मला तीनतीनदा सांगितले.

शेवटी प्रश्न उरला तो आवरणाचा. आता काहीच गुंडाळायचे नाही असे मी ठरवले होते. तर सासूबाईच म्हणाल्या, "आमच्या वाड्याच्या जिन्यात दोर होता. त्याला वर आणि खाली एकेक गाठ होती. गाठ हाताला लागली की समजायचं, पायऱ्या संपल्या. अंधारात आम्ही त्या गाठीवर चढायचो." मी उठले, बाजारातून सुती दोरी आणली, आणि पट्टीच्या खालच्या व वरच्या टोकाला वीतवीतभर घट्ट वेढे दिले. चुका नाहीत, डिंक नाही. दोरीचे टोक वेढ्यांखालीच ओढून बसवले आहे. दर महिन्याला ओढून पाहते आणि सैल वाटली तर पुन्हा गुंडाळते. मधली सगळी पट्टी उघडी.

प्लास्टर निघाल्यावर सासूबाई पहिल्यांदा जिना उतरल्या तेव्हा आम्ही सगळे खाली उभे होतो. उजवा हात अजून अशक्त होता, तो भिंतीच्या पाइपावर, डावा कठड्यावर. दोरी हाताला लागताच त्या थांबल्या, पाय चाचपून जमिनीवर ठेवला आणि म्हणाल्या, "आले."

भगिनींनो, पुण्यात राजा केळकर संग्रहालय आहे. दिनकर केळकरांनी आयुष्यभर जमवलेला संग्रह १९७५ साली सरकारला दिला. त्यात अडकित्ते, दिवे, वज्री, कोरीव दारे अशा घरातल्याच वस्तू आहेत. त्या तिथे पोचल्या कारण कोणीतरी त्यांची चौकशी केली. आपल्या सगळ्यांच्या वस्तू तिथे जाणार नाहीत. पण घरात जी थोर माणसे आहेत, त्यांना पाट, जाते, पेटी, कठडा यांच्याविषयी विचारून ठेवावे, ऐकलेले पडताळून पाहावे आणि वर्ष घालून वहीत लिहावे. मी मामंजींच्याच वहीत, त्यांच्या ओळीच्या खाली, एक ओळ लिहिली आहे: "कठडा दुरुस्त केला, २०२५. पेशव्यांचा नव्हे. पुराच्या लाकडातला."